साक्षीदाराचं वॉरंट

नानाजी आजही आले नाहीत.

पुकारा झाला तेव्हा रामधन कोर्टाच्या व्हरांड्यात उभा राहून त्यांना सातव्यांदा फोन लावत होता. फोन बंद. वकिलांनी पुढची तारीख मागितली. कोर्टात तेवढी एकच गोष्ट मागितल्याबरोबर मिळते, तशी ती मिळाली. आणखी एक दिवस पाण्यात गेला.

दावा साधा होता. इब्राहीमभाईंनी मानोऱ्याच्या रस्त्याकडेचं दोन एकर शेत रामधनला विकायचा करार केला, इसार घेतला, सही केली. खरेदीखत मात्र करून दिलं नाही. आता त्यांचं म्हणणं, सौदा महिनाभरातच मोडला आणि इसारही परत गेला. मग पावती दाखवा म्हटलं, तर ती नव्हती. जुन्या ओळखीत कोण पावती मागतं, म्हणे. रामधनच्या वकिलांना हे ऐकून हसू आलं होतं.

करारावर साक्षीदार दोन. एक वारला. दुसरे धनजचे नानाजी, रामधनचे व्याही. त्याची वैभवी त्यांच्याच घरात दिलेली. आणि या घरच्या माणसानं नऊ वर्षं त्याचा अंत पाहिला. कधी ताप, कधी पेरणी, कधी कोणाचं तेरावं. समन्स गेलं की नानाजी नेमके गावात नसायचे. परक्यानं असं केलं असतं तर रामधननं त्याची गचांडी धरली असती. व्याह्याची कशी धरणार?

शेवटी तो धनजला जाऊन बसला.

"इवाई, तुमी काहून येत नाही?"

नानाजींनी चहाची बशी खाली ठेवली. "मले कोर्टात नका नेऊ."

"सही करताना पाह्यलं, एवढंच सांगाचं हाय. पुढचं कोनी विचारत नाही."

"अन् विचारलं तं?"

"आपलं मानूस हाय तुमी. तुमाले का शिकवा लागते?"

"दावा वापस घ्या इवाई. माहं ऐका."

रामधनचं डोकं फिरलं. तो तिथून उठला तो थेट वकिलांकडे गेला.

"साक्षीदार फितलेला दिसतो," वकील म्हणाले.

"फितनार नाही. माही पोरगी हाय त्याच्या घरात. तुमी फक्त त्याले आना."

वकिलांनी अर्ज केला आणि कोर्टानं वॉरंट काढलं.

दोन दिवसांनी वैभवीचा फोन आला. "बाबा, माह्या सासऱ्याच्या दारात पोलीस पाठवले तुमी? सारं गाव पाहून राह्यलं."

रामधनला वाईट वाटलं. पोरीला काय सांगावं ते सुचेना. पण नऊ वर्षं गेली होती, आणि शेतापुढचा रस्ता आता चौपदरी झाला होता.

तारखेला नानाजी हजर झाले. त्यांनी शपथ घेतली. करारावरची सही इब्राहीमभाईंचीच, आपल्यासमोर केलेली, असं त्यांनी स्वच्छ सांगितलं. रामधनचा जीव भांड्यात पडला. समोरच्या बाकावर इब्राहीमभाई मान खाली घालून बसले होते.

त्यांचे वकील उलटतपासणीला उठले, तेही कंटाळूनच.

"वादी तुमचे व्याही आहेत, म्हणून तुम्ही खोटी साक्ष देत आहात?"

"नाही जी. खोटं नाही बोलत."

"म्हणजे इसार परत गेल्याचं तुम्हाला काहीच माहीत नाही, असंच म्हणणार ना?"

नानाजींनी पिंजऱ्याचा कठडा घट्ट धरला. "माहीत हाय जी. विहिरीले पानी नाही म्हून इवायानंच सौदा मोडला. इसार मीच इब्राहीमभाईच्या घरून आनून याइच्या हातात देला. कागद घरी जाऊन फाडतो म्हने." मग ते रामधनकडे वळले. "नऊ वर्सं मी तुमाले वाचवून राह्यलो होतो, इवाई. पोलीस तुमीच पाठवले."