सालेपची लेक

उतारावर यंदा सालेपचं एकच ऑर्किड फुललं होतं. धाकटी लेक नाझिफे नोकरीसाठी इस्तंबूलला निघाली होती, म्हणून एल्मासने ते सळईने उकरलं. मुळाशी दोन कंद होते: सुरकुतलेला जुना म्हणजे आई, टपोरा नवा म्हणजे लेक. थोरली पोरं शहरात गेली तेव्हाही तिने लेक तोडून सालेप म्हणून दुधात उकळून प्यायला बांधून दिली होती आणि आई परत पुरली होती. गावाची रीतच तशी. "आई, ही म्हातारी एकटी उगवते का गं?" नाझिफेने विचारलं. "उगवते की. माझी सासू सांगायची." "मग मागच्या साली पुरलेल्या काय पळून गेल्या?" एल्मासने बोडक्या उताराकडे पाहिलं आणि काहीच न तोडता रोप परत लावलं. "तिकडे दूध नुसतंच पी," ती म्हणाली. खाली बसचा हॉर्न वाजला. नाझिफे उतार उतरून गेली. एल्मासने मातीवरचा हात उचलला नाही.