अठरावी जागा

रंगाऱ्याने सकाळी शेडचं दार उघडलं. होडीवरची ओलीची रेघ आणखी बोटभर वर चढली होती.

जहाज बुडालं तेव्हा माणसं घेऊन सुटलेली ही होडी. वर्षभर लाकडी घोड्यांवर कोरडी ठणठणीत उभी होती, तरी आताशा तिच्या अंगाला, पाण्यात तरंगत असल्यासारखी, ओल धरत होती.

रेघ बघून होडीत किती माणसं आहेत ते सांगण्यात म्हाताऱ्या सुताराचा हात कुणी धरला नसता.

"काल सोळा, आज सतरा," तो पुटपुटला. "चाळीस जागांत तुम्ही किती बसला होतात रे?"

"बावीस."

"म्हणजे अठरा रिकाम्या. आता एकच उरली."

त्या रात्री वल्हं रंगाऱ्याच्याच हातात होतं. होडीचा काठ धरलेली कुणाची तरी बोटं त्याने वल्ह्याने सोडवली होती, "सगळेच बुडू" म्हणत. अंधारात तोंड दिसलं नव्हतं. धाकटा भाऊ त्याच जहाजावर स्वयंपाकी होता. "मला तो दिसलाच नाही गं," असं त्याने आईला सांगितलं होतं, आणि ते खोटंही नव्हतं.

सुतार चहाला गेला. रंगारी आतल्या फळ्या रंगवायला होडीत चढला.

काठावर बाहेरून चार बोटांचे ओले ठसे उमटले. तीन पूर्ण, एक अर्धा. लहानपणी भावाचं तेच बोट करवतीखाली गेलं होतं.

"ये रे, छोट्या," म्हणत त्याने हात पुढे केला.

होडी त्या बाजूला कलली.