टेकडीवरचं रडार

एकाहत्तरच्या लढाईत सैन्याने भिवंडीजवळच्या आमच्या टेकडीवर रडार बसवलं. त्यात आमचं नाचणीचं शेत गेलं. वर, अनोळखी माणसापुढे रडारचं नाव काढायचं नाही, अशी मेजरसाहेबांनी सगळ्या गावाला देवळात शपथ घातली. रडार बंद होऊन वीस वर्षं झाली. शेत परत मिळेल म्हणून मी अजून वाट बघते आहे.

परवा फाईल घेऊन एक अनोळखी साहेब आले. "आजी, इथे रडार होतं ना?"

माझे दीर महादू मध्येच कडाडले, "कसला रडार? असला काय न्हाय आमच्या गावान!"

मीही अभिमानाने मान डोलावली. साहेबांनी तसं लिहून आमच्या सह्या घेतल्या.

 

फाईल मिटत साहेब पुटपुटले, "सुटलो बाबा! रडार असतं, तर शेतं परत द्यावी लागली असती."