शिवलेलं प्यादं

सांगलीत आबांपुढे आणि बुडापेस्टला त्यांच्या लेकीपुढे, शाल्मलीपुढे, एकच डाव मांडलेला होता. व्हिडिओ कॉलवर दोघांना एकमेकांचे हात दिसत होते. पैज लेकीनेच लावलेली: आबा जिंकले तर ती दिवाळीला घरी येणार. परदेशी स्पर्धांपायी तिच्या कित्येक दिवाळ्या तिकडेच गेल्या होत्या. यंदा तर ग्रँडमास्टर किताब ठरवणारी स्पर्धाच ऐन दिवाळीत होती.

"वजीर सांभाळा, आबा. मागनं कुरकुर नको."

"तू शिकीव आता मला."

बोलता बोलता आबांचं बोट प्याद्यावर टेकलं, आणि मग त्यांना दिसलं. प्यादं एक घर सरकलं की तिच्या राजावर मात. एवढी ढळढळीत चूक शाल्मली करणारी नव्हती. पोरीलाच घरी यायचं होतं.

आबांनी बोट उचललं.

"शिवलंत, आबा." ती घाईने म्हणाली. "शिवलं की चालवायचं. तुम्हीच शिकवलंय."

उंबऱ्यात पणती ठेवणारी लेक क्षणभर आबांच्या डोळ्यांपुढे आली. मग त्यांनी आपला राजा पटावर आडवा करून हार मानली.

"हरलेल्याला कसली चाल? किताब घेऊन ये. दिवाळी तेव्हा करू."