सुयोगची गाजरं

"आणि संत्री?" अपूर्वानं विचारलं.

"मिळाली नाहीत," जानकी म्हणाली आणि गाजराच्या चकत्यांवर लिंबू पिळलं.

डिसेंबरात नाहूर स्टेशनबाहेर संत्री मिळाली नाहीत, हे अपूर्वाला काही पटेना. पण आजच्या दिवशी आईशी हुज्जत कोण घालणार? तिनं मुकाट्यानं डबा पुढे केला.

सुयोग तिचा थोरला भाऊ. अंधेरीला केटरिंग शिकायला गेला आणि ही गाजरं घरी घेऊन आला. पातळ चकत्या, थोडं लोणी, संत्र्याचा रस आटेपर्यंत मंद आच, वरून किसलेली साल आणि मिरपूड. वडिलांनी, चंद्रप्रकाशनी, पहिल्याच घासाला तोंड वाकडं केलं होतं. मालवणचा माणूस, ताटात मासा नसला की त्याला उपास घडतो. तो फळाच्या रसातल्या भाजीला काय नावाजणार! जानकीला मात्र ती आवडली. घरात त्या भाजीला नावच पडलं, सुयोगची गाजरं.

मग एका रविवारी, आरेच्या जंगलातून चक्कर मारून येतो म्हणून तो निघाला. बाईक सापडली. स्टँडवर नीट लावलेली, हेल्मेट आरशाला अडकवलेलं. तो सापडला नाही.

तेव्हापासून जानकी रोज त्याचं ताट वाढत होती आणि रोज झाकून ठेवत होती. जिन्यात पाऊल वाजलं की तिघांचेही घास हातात थांबायचे. अपूर्वाचं लग्न दोनदा ठरता ठरता राहिलं, कारण दादा येऊ दे. गेलेल्या माणसासाठी रडता येतं आणि असलेल्या माणसाशी भांडता येतं; या घराला दोन्हीची बंदी होती.

शेवटी चंद्रप्रकाशनीच विषय काढला. बारा वर्षं पत्ता नसलेल्या माणसाचा पळसाच्या पानांचा पुतळा करतात, त्याला अग्नी देतात, आणि दिवस घालतात. जानकीनं आधी भांडी आपटली, मग रडली, मग अट घातली. कावळा शिवला तर सुयोग गेला, हे ती मानेल. नाही शिवला, तर हा विषय या घरात पुन्हा निघता कामा नये.

"कबूल," चंद्रप्रकाश म्हणाले.

पुतळ्याला अग्नी देऊन झाला होता. आज पिंडांचा दिवस. स्मशानामागच्या कट्ट्यावर भटजींनी पिंड मांडले. शेजारी केळीच्या पानावर भात, वडे आणि गाजरं वाढली. सगळे मागे सरले. भिंतीवर कावळे रांगेनं बसले होते. एरवी हे पक्षी पोराच्या हातातला वडापाव पळवतात, आज एकही खाली उतरेना. एकानं मान तिरकी करून पानाकडे पाहिलं आणि पुन्हा आपले पंख साफ करत बसला.

काहीतरी इच्छा राहिली असेल, बोला, असं भटजी म्हणाले. अपूर्वानं हात जोडून सांगितलं, की आईबाबांना मी बघीन. चंद्रप्रकाशनी सांगितलं, की माझा तुझ्यावर कसलाच राग नाही. ऊन चढलं. भात वाळून टणक झाला. अखेर भटजींनी दर्भाचा कावळा करायला घेतला.

"तो धरायचा नाही," जानकी म्हणाली. "ठरलंय आपलं."

चंद्रप्रकाशनी उपरण्यानं डोळे पुसले. रिक्षात परतताना जानकी एकटीच ताठ बसली होती. तिच्या चेहऱ्यावरचं समाधान पाहून अपूर्वाला भीती वाटली.

घरी आल्यावर आंघोळ करून जानकी तडक स्वयंपाकघरात गेली. तांदळाच्या डब्यात तिनं कोपरापर्यंत हात घातला आणि एकेक करून संत्री बाहेर काढली.

अपूर्वा दारात उभी होती. "म्हणजे संत्री होती."

"होती."

"मग लिंबू का पिळलंस?"

"सुयोग लिंबाची गाजरं खातो का गो?" जानकीनं शांतपणे विचारलं. "मग त्या पानाला कोण कशाला शिवेल?"

"सगळ्यांना फसवलंस तू, आई."

"कावळ्याला फसवलं फक्त."

खरं तर कावळ्याआधी ती स्वतःच फसली होती. लबाडी आपणच करायची आणि तिचा कौल देवाचा म्हणून डोक्यावर घ्यायचा, हे आईच्या मनाला बरोबर जमतं. कावळा शिवला नाही, म्हणजे पोरगा आहे. कुठेतरी आहे, आणि येणार. अपूर्वाला तिची कीव आली, रागही आला. ती बाहेर जाऊन बाबांजवळ बसली.

जानकीनं लोणी टाकलं, चकत्या परतल्या, रस ओतला. घरभर तो वास पसरला. इतकी वर्षं तिनं ही गाजरं केली नव्हती. तो येईल तेव्हाच करायची, असं मनाशी धरलं होतं. आज हात थांबेना. पूर्वी सुयोग गेटपाशी वास ओळखून वर पळत यायचा. तिनं ओट्यावरची खिडकी सताड उघडली. वास खाली रस्त्यापर्यंत जाऊ दे. मग ताटलीत गाजरं वाढली, साल किसून घातली आणि ताटली त्याच्यासाठी ओट्यावर ठेवली.

बेल वाजली.

जानकी ओल्या हातांनीच धावली, वाटेत चंद्रप्रकाशच्या पायाला अडखळली, आणि दार उघडलं.

शेजारची जयंती होती. रिवाजाप्रमाणे पिठलंभात घेऊन आली होती. भांडं पुढे करत तिनं हळूच विचारलं, "शिवला का हो?"

"नाही शिवला," जानकी म्हणाली. किती वर्षांनी ती मोकळं हसली. "माझा सुयोग आहे."

भांडं घेऊन ती स्वयंपाकघराकडे वळली. ओट्यावर ताटलीच्या काठाशी एक कावळा उभा होता, आणि खाली मान घालून गाजरं खात होता.