पार्लरचा खास लेप

फुटपाथच्या फटीत उगवणारा, इवल्या पिवळ्या फुलांचा दगडी पाला म्हणजे सासूबाईंचा जीव की प्राण. कुणाला खरचटलं की त्या पाला तोंडात टाकायच्या, बारीक चावायच्या आणि तो हिरवा लगदा थेट जखमेवर थापायच्या. एकदा पोराच्या गुडघ्यावर तो लगदा दिसला आणि सुनेनं तो फडक्यानं खसाखसा पुसून काढला. "शी! थुंकीत कालवलेलं माझ्या पोराला? हा किळसवाणा प्रकार या घरात पुन्हा दिसता कामा नये!"

सासूबाईंनी घरात पाला चावणं सोडलं. दुपारच्या मात्र पिशवी घेऊन कुठेतरी जाऊ लागल्या.

पुढे पार्लरमधल्या हिरव्या लेपानं सुनेच्या गालांवरचे मुरूम पार गेले. आज लेप लावून झाल्यावर, ओठाला लागलेला थेंब जिभेनं टिपत ती पार्लरवालीला म्हणाली, "वाटीभर घरी द्या ना! मिक्सरमध्ये वाटता का?"

"छे हो, मिक्सरला हा गुण येतच नाही. आमच्या मावशी ताजा करून देतात," म्हणत पार्लरवालीनं आतला पडदा सारला.



आत सासूबाई बसल्या होत्या. मांडीवर पाल्याची पिशवी, आणि दोन्ही गाल टम्म फुगलेले.