दुसऱ्या कडव्यातला श्वास

रेडिओवर पियानोचे पहिले चार सूर वाजले आणि केस सरळ करून घ्यायला खुर्चीत बसलेली व्हर्लीन एकदम ताठ झाली.

"मान हलवू नकोस, कान भाजेल," तिची सासू ओझेलाबाई म्हणाली. तापलेली लोखंडी फणी तिच्या उजव्या हातात होती. डावा हात मात्र रेडिओच्या बटणाकडे गेला होता.

"राहू द्या ना, आई. माझंच गाणं आहे."

रविवारी चर्चला जायचं म्हणून मेंफिसच्या गल्लीतलं ओझेलाबाईचं पार्लर शनिवारी सकाळपासूनच भरलेलं. या गाण्याची वाट तिथं सगळ्याच बायका बघत होत्या. व्हर्लीनचा नवरा वॉर्डेल रिदम अँड ब्लूज गाण्यांच्या तबकड्या काढणाऱ्या कंपनीत पाच वर्षं वायरी गुंडाळत होता आणि आता कुठे प्रोड्यूसर झाला होता. म्हणजे कोणी काय गायचं, ढोल कुठं वाजायचा नि कुठं गप्प बसायचा, सगळं त्याच्या शब्दावर. पहिलीच तबकडी, आणि गाणारी घरची. आठव्या महिन्यात उंच स्टुलावर पोट सावरत तिनं ते गाणं गाऊन दिलं होतं. तू मोकळी हो, मग काढू बाहेर, असं तो म्हणाला होता. आता लेक चार महिन्यांची झाली होती आणि शेजारी आयडाबेलबाईंच्या मांडीवर झोपली होती.

शब्द सुरू झाले. बायकांनी एकमेकींना गप्प केलं. आयडाबेलबाई म्हणाल्या, बाळंतपणानं तू काही बारीक झाली नाहीस पोरी, पण रेडिओत जाऊन तुझा आवाज तेवढा झालाय. सगळ्या हसल्या. ओझेलाबाई हसली नाही.

व्हर्लीनही नाही. दुसऱ्या कडव्यात, 'घरी ये' म्हणताना, आवाज अर्ध्यावर अडला, आत ओढला गेला आणि मग सुटला. स्टुलावर गाताना नेमकं तिथंच बाळानं बरगडीखाली लाथ मारली होती. पुन्हा गाऊ का, असं तिनं विचारलं, तर वॉर्डेलनं स्टुडिओच्या काचेपलीकडून हात हलवला होता. राहू दे, राहू दे.

श्वास तोच होता. आवाज तिचा नव्हता.

गाणं संपलं. निवेदकानं गाणारणीचं नाव घेतलं, डी कार्व्हर.

फणी केसांतून चर्र करत फिरत राहिली.

"तुम्हाला माहीत होतं," व्हर्लीन म्हणाली.

"तुझ्याच लेकीच्या ताटात पडणार आहे सगळं," ओझेलाबाई म्हणाली. "दुसरा कान धर."

तेवढ्यात वॉर्डेल आला. हातात तळलेल्या माशांची कागदी पिशवी, तोंडभर हसू. आत सगळ्यांचे चेहरे बघून हसू जरा उतरलं. मग तो एका दमात सांगत सुटला. कंपनीवाल्यांनी टेप ऐकली होती. आवाज सोनं आहे म्हणाले, पण अंगावर पिणारं मूल घेऊन गावोगाव कोण फिरणार? डीच्या नावावर हॉल भरतात. नाही म्हटलं असतं तर पुन्हा वायरी गुंडाळायच्या. आणि तबकडीवर प्रोड्यूसर म्हणून आपलं आडनाव, पेटिस, छापलंय ना? मग तू कोण, पेटिसच ना?

व्हर्लीननं सगळं ऐकून घेतलं. मग एकच विचारलं.

"तो श्वास तिला कोणी शिकवला?"

वॉर्डेलला राहवलं नाही. काम साधलेल्या कारागिराचं असतं तसं हसू त्याच्या तोंडावर पुन्हा आलं. "तीन दिवस लागले गं. जमेचना तिला. शेवटी मीच मागं उभा राहिलो. ती जागा आली की बरगडीत बोट खुपसायचो."

आयडाबेलबाईंनी मान फिरवली. त्यांच्या मांडीवरची लेक जागी झाली आणि रडायला लागली.

व्हर्लीन उठली. अर्धे केस सरळ, अर्धे तसेच कुरळे उभे. तिनं लेकीला खांद्यावर घेतलं. चार महिने हिला झोपवायला या गाण्याखेरीज दुसरं कधी लागलं नव्हतं. तिनं तोंड उघडलं, पण आवाज फुटेना. लेकीनं आणखीच टाहो फोडला.

रेडिओवर निवेदक सांगत होता, फोन थांबायला तयार नाहीत, लोकहो, चला, पुन्हा एकदा ऐकू. पियानो वाजला. शब्द सुरू झाले.

लेक थांबली. ओला चेहरा वर करून तिनं इकडेतिकडे पाहिलं आणि फळीवरच्या रेडिओकडे टक लावली. व्हर्लीननं हलकेच हनुवटी धरून तिचं तोंड आपल्याकडे वळवलं. लेकीनं मान सोडवून घेतली आणि पुन्हा तिकडेच बघू लागली.